फ्योक्ला आजीने मला बाकावर बसवले

मित्रांनो, माझ्या अंगावरचे हे केस पाहून हसू नका. मी मांजर नाही. मी एक जुना मायक्रोफोन आहे. वारा कानात शिरू नये म्हणून मला हा केसाळ कोट घालतात.

माझा जन्म लेनिनग्राडच्या एका कारखान्यात झाला. पुढे मी रेडिओच्या वार्ताहर रिम्माच्या हाती आलो. मंत्री असो की दूधवाली, ती मला त्यांच्या तोंडासमोर धरी आणि प्रश्नांची सरबत्ती करी. माझी वाहवा होई, मीही फुशारून जाई. बोलण्याखेरीज जगात ऐकण्याजोगे काही असते, हे मला ठाऊकच नव्हते.

मग रिम्माने बातम्या सोडल्या. आपल्या देशातली माणसे खरोखर कशी जगतात ते दाखवायचे, म्हणून ती माहितीपट करू लागली. असेच आम्ही उत्तरेला, पिनेगा नदीकाठच्या एका खेड्यात पोचलो. तिथे एकाच धुराड्यातून धूर निघत होता. ते घर फ्योक्ला आजीचे. मुलगी तिला कायमची शहरात नेणार होती. घर सोडताना काय वाटते, हे आजीच्या तोंडून मिळाले नाही तर रिम्माची सारी मेहनत पाण्यात जाणार होती. पण आजी कसली दाद देतेय!

"आजी, काहीतरी बोला ना!" रिम्मा विनवी.

"बोलतेय की. चहा घे, पाव खा. आणि ते मेलं मांजर माझ्या तोंडापुढून काढ!"

निघायचा दिवस उजाडला. नाव काठाला लागली, गाठोडी दारात आली. आमच्याकडे प्रवासाला निघण्यापूर्वी सगळ्यांनी क्षणभर गप्प बसायचे असते. आजी बसली, मुलगी बसली. रिम्मा मात्र मला धरून उभीच. प्रश्न तिच्या अगदी ओठांवर आला होता.

"बस गं पोरी," आजी म्हणाली. "आणि तुझ्या मांजरालाही बसव. घरातलं कुणी उभं राहिलं तर प्रवास सुखाचा होत नाही."

घरातलं कुणी! आजीने स्वतःच मला उचलून बाकावर शेजारी ठेवले. रिम्माने प्रश्न गिळला आणि तीही बसली.

मग मी ऐकू लागलो. विझत्या निखाऱ्यांची तडतड, लाकडी भिंतींची कुरकुर, आजीचा श्वास. तो मध्येच अडला आणि पुन्हा सुरू झाला. मी थक्क झालो. एवढ्या वर्षांत एवढे मोठे काही माझ्या कानी पडलेच नव्हते.

आजी उठली. घर राखणारा एक अदृश्य आजोबा चुलीमागे राहतो, असे आमची माणसे मानतात. तिने चुलीपुढे जुना लोकरी बूट ठेवला, वाकली आणि हळूच म्हणाली, "आजोबा, चला. मी गेल्यावर इथे चूल कोण पेटवणार? बसा या बुटात, मी नेते तुम्हाला."

तो बूट पोटाशी धरून ती नावेत चढली. रिम्मा रडत होती.

शहरात माहितीपट दाखवला. त्यातली ती शांतता सुरू झाली, तेव्हा भरल्या सभागृहात कुणी खोकलेसुद्धा नाही. पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्याने डोक्यावरची टोपी काढली.

आता नवे मायक्रोफोन आले आहेत. मी कपाटात पडून असतो आणि माझा कोट कसर खाते. मित्रांनो, जुन्या वस्तूंना जपा, त्यांना अधूनमधून ऊन दाखवा. आणि उद्या मला टाकून द्यायचेच ठरले, तर निघण्यापूर्वी क्षणभर माझ्याशेजारी गप्प बसा. मीही घरातलाच आहे.