उतारावरची पावलं

"काका, उद्यापासून इथे दगड पडणार," मुकादम म्हणाला. "समुद्राला बांध घालायचाय. तुमचं काही असेल तर आजच उचला."

माझं काय असणार इथे, वाळू? पण त्या वाळूखाली आमचा जुना उतार आहे, होड्या ओढून वर घ्यायचा. त्यावर माझ्या बायकोचं पाऊल आहे. ती गेल्यापासून घर खायला उठतं. ते पाऊल मला एकदा बघायचं होतं, बस.

पूर्वी होडीच्या जागेवरून रोज भांडणं व्हायची. रंगाने नंबर काढावेत तर खारं पाणी ते टिकू देईना. म्हणून उतारावर नवं सिमेंट घातलं तेव्हा ज्याच्या त्याच्या जागेवर ज्याच्या त्याच्या बायकोने ओल्यात पाऊल उमटवलं. आमची ही आधी लाजली. मग असं दाबून उमटवलं, की घोट्यापर्यंत सिमेंट! मी हसलो, तर तोच पाय माझ्या पँटला पुसला.

पुढे सगळे नव्या बंदरात गेले. मी नाही गेलो. हट्टी म्हणतात मला, म्हणोत बापडे. गुडघ्यांनी हात टेकेपर्यंत इथूनच होडी लोटली आणि इथेच ओढून आणली. मग हळूहळू उतार वाळूखाली गेला.

फावडं घेऊन खणायला लागलो. आधी सुताराच्या बायकोचं पाऊल निघालं, बोटं फाकलेली. मग शेजारच्या वहिनींचं. काल उमटवल्यासारखी होती हो! जीव नुसता हरखला. वहिनींच्या पलीकडचीच जागा आमची.

हाताने वाळू सारली. काही नाही. पाणी ओतलं, बोटांनी चाचपलं. गुळगुळीत. मधोमध एक लांब चर, होडीच्या तळाने पाडलेला.

बाकीच्यांनी होड्या वेळेत हलवल्या, त्यांच्या बायकांची पावलं राहिली. माझी होडी इतकी वर्षं रोज हिच्या पावलावरूनच वर आली. मीच ओढली, दोन्ही हातांनी, कधी खाली न बघता. दैव देतं नि कर्म नेतं, ते हे असं.

खूप रडलो. लाज कसली, बघायला होतं कोण?

संध्याकाळी मुकादम आला, खड्ड्यात वाकून बघू लागला. "इथे तर काहीच नाही, काका."

"नाहीच," मी म्हणालो. "तरी इथला दगड जरा हळू ठेव."