पाण्याखालचा कळप

बन्सी, पान लावणं थांबव, आधी निस्तं ऐक. मुंजाबामामा समोरच्या हॉटेलात बसलेत, मी पानाचा बहाणा करून पळत आलोय.

मामांचं तुला ठाऊकच हाय. चिकलठाण्याकडचा धनगर गडी, खोट्याचा लई राग. "तंबूत लोकांला थापा मारून पोट भरतो, त्याला माझी बानाबाई देणार नाय," असं माझ्या बापाच्या तोंडावर म्हणले. आज घोंगड्या विकायला गुलमंडीत आले, तर मीच म्हणलो, मामा, एकदा खेळ बघा, मग बोला. बानाबाई बी संगं होती.

पोलिस ॲक्शन झाली, निजामाचं राज गेलं, पण आमच्या तंबूतल्या शिनेमाच्या मालकाची रिळं तीच, जुनी, मुकी. पडद्यावर माणसं निस्ती तोंडं हलवतात, काय बोलतात ते मी भोंगा घेऊन सांगतो. आज समुद्राखालच्या गावाचा खेळ. काचंची घरं, डोक्यावर काचंची घागर पालथी घातलेली माणसं. पाणी दिसल्याबरोबर मामांनी घोंगडं डोक्यावर घेतलं, भिजायला नको म्हणून!

मी आपला रंगात. "मंडळी, हे पाण्याखालचे शेतकरी!"

मामा उठलेच. "शेतकरी हायेत, मग मेंढरं कुठंयत?"

तंबू हसाया लागला. मी म्हणलो, "मामा, इथं मेंढरं नाय, मासेच वळतात."

"अन् कुत्रं?"

"येतंय मामा, मागून येतंय."

तेवढ्यात पडद्यावर एक दांडगा मासा घुसला अन् बारक्या माशांचा कळप उधळला. मामांना राहवतंय व्हय? बाकावर चढले, काठी उगारली अन् रानात देतात तशी हाळी दिली, "हुर्र्र! हाऽऽ! फिर माघारी!"

अन् गड्या, मासे फिरले! सगळे एका जागी गोळा!

आता मला ठाऊक हाय, ते मासे रोजच तिथं फिरतात. पण तंबूत शिट्ट्या काय, टोप्या काय! मामांची छाती ही एवढी!

बाहेर आल्यावर माझ्या खांद्यावर हात टाकून म्हणतात, "जावईबापू, तुमचा धंदा खरा हाय. आता बिरोबाची आण घेऊन सांगा, माझ्या हाळीनंच वळले ना ते?"

मागं बानाबाई पदरात तोंड खुपसून हसायली. तिला सगळं कळलंय!

व्हय म्हणावं तर देवाची खोटी आण, ते बी अशा माणसापुढं. नाय म्हणावं तर भर बाजारात त्यांची फजिती, अन् पोरगी गेली. मी म्हणलो, मामा, आधी पान आणतो.

बघ, तिकडून मान लांब करून बघायलेत. बोल की लवकर, तू काय केलं असतंस?