जानकी नावाच्या दोघी

मंगळवारी सकाळी राहीबाई रजिस्टर घेऊन बावडकरांच्या वस्तीवर आली तेव्हा नवी सून ओट्यावर ज्वारी निवडत बसली होती. राहीबाई गावची आशाताई, बावडकरांच्या भावकीतलीच. तिनं लांबूनच हाक मारली, "जानकी, अगं ए जानकी." पोरीनं मान वर केली नाही. दुसऱ्यांदा हाक आली तेव्हा आतून सासूच बाहेर आली आणि तिनं सुनेच्या पाठीत कोपर मारलं. मग पोर दचकून "ओ" म्हणाली. दहा महिने झाले होते त्या घरात येऊन, तरी त्या नावाला ओ द्यायला तिची जीभ वळत नव्हती, त्याला ती काय करणार?

कारण ते नाव तिचं नव्हतंच. ते मेलेल्या बाईचं होतं.

तिचं नाव संस्कृती. पुंजाराम मोढव्याची थोरली. उसाच्या फडात, तोडणी मजुरांच्या पाचटाच्या कोपीत जन्मली. तिच्या आईला अक्षर ओळखीचं नव्हतं, पण बाई हट्टाची. तिनं मुकादमाच्या शाळकरी पोरीला पुस्तक उघडायला लावलं आणि त्यातला सगळ्यात अवघड शब्द काढ म्हणाली. माझ्या लेकीचं नाव शिकल्यासवरल्या माणसालाच नीट घेता आलं पाहिजे, असं तिचं म्हणणं. बाप जन्मभर 'सौंस्कुर्ती' म्हणत राहिला. पोर अकरा वर्षांची असताना आई गेली. नाव तेवढं मागं राहिलं.

सासूचं नाव दगडाबाई. तिच्याआधीची तीन भावंडं पाळण्यातच दगावली, म्हणून चौथीला दगड म्हटलं, म्हणजे यमाचं लक्ष जाणार नाही. ती जगली, पासष्टीला आली. त्यामुळे नावात ताकद असते यावर दगडाबाईचा देवापेक्षा जास्त विश्वास. घरात येणाऱ्या सुनेचं माहेरचं नाव ती उंबऱ्याबाहेरच ठेवायला लावी. पहिली सून, तिच्या मुलाची, गहिनीनाथाची बायको, माहेरची निकिता. तिला जानकी केलं. तीन वर्षं नांदली, दोन मुली झाल्या, आणि एका भादव्यात गवत काढताना तिला पान लागलं, साप डसला. देवऋषाकडं नेण्यात वेळ गेला. मळ्याच्या कडेलाच जाळली. ग्रामपंचायतीत कोण जातंय नोंद करायला? रेशनकार्डावर जानकी होती तशीच राहिली, आधार कपाटात राहिलं.

नवरा गहिनीनाथ तिशीचा. दोन पोरी सांभाळायला बाई पाहिजे होती, आणि पुंजारामाला तीन पोरींमधली एक उजवायची होती. संस्कृती तेव्हा सोळाची. दहावीचा शेवटचा पेपर देऊन आली त्याच आठवड्यात हळद लागली. सोळाव्या वर्षी लग्न लावलं तर कायदा आडवा येतो, हे गहिनीनाथाला चांगलं ठाऊक होतं, आणि त्याला त्याच्या आईच्या श्रद्धेत सोय दिसली. दुसरीला पहिलीचं नाव दिलं की सवतीचा जीव शांत राहतो, असं दगडाबाई मनापासून मानत होती. गहिनीनाथाला वाटलं, नाव तेच, आधार तेच, वय आपोआप चोवीस. चेहऱ्यावर पदर असला की फोटो कोण बघतो?

लग्न मळ्यातच, पन्नास माणसांत झालं. ताटात तांदूळ पसरले. गहिनीनाथानं अंगठीनं त्यात चार रेघा ओढल्या आणि करवलीनं मोठ्यानं वाचलं, जानकी. पेढे वाटले गेले. संस्कृती ताटाकडं बघत म्हणाली, "त्ये तर मेलेल्या बाईचं नाव हाय."

बायका हसल्या. कोणीतरी म्हणालं, पोरगी चुणचुणीत आहे. पुंजाराम मांडवाच्या खांबाला टेकून उभा होता, त्यानं लेकीकडं न बघता पेढा तोंडात टाकला. दगडाबाईनं सुनेच्या गळ्यात चांदीचा टाक बांधला. त्यावर सवतीची आकृती कोरलेली. जेवायच्या आधी रोज त्याला घास दाखवायचा, नाहीतर सवत कोपते.

त्या घरात कोणी तिला मारून टाकलं नाही, उपाशी ठेवलं नाही. फक्त तिला तिथं असू दिलं नाही. निकिताची पोलकी आत शिवून तिला दिली. निकिताची चप्पल, निकिताची पितळी. भाकरी जाड झाली की दगडाबाई म्हणायची, तू पहिल्यांदा आलीस तवा बरी थापत हुतीस. पोरीला वाटायचं, आपल्याला वेड लागेल. जूनमध्ये दहावीचा निकाल लागला. एक्काहत्तर टक्के. पुंजारामानं फोनवर सांगितलं तेव्हा फोन गहिनीनाथानं घेतला होता. तो म्हणाला, रॉंग नंबर, संस्कृती म्हणून आमच्याकडं कोणी न्हाई. आणि फोन ठेवून जेवायला बसला. हरामखोर, दुसरा शब्द नाही.

एकदा तिनं निकिताच्या थोरल्या लेकीला, पाच वर्षांच्या पोरीला, अंगणातल्या मातीत आपलं नाव लिहून दाखवलं. दगडाबाईनं त्यावर खराटा फिरवला.

तर त्या मंगळवारी राहीबाई आली ती गरोदरपणाची नोंद करायला. पाचवा महिना सरत आला होता, तोवर बावडकरांनी दडवून ठेवलं होतं. दगडाबाईनं आधार पुढं केलं. राहीबाई त्याकडं बघतच राहिली. निकिताच्या मयताला ती स्वतः गेलेली. तिच्या दोन्ही बाळंतपणाच्या नोंदी याच रजिस्टरात, याच हातानं केलेल्या.

संस्कृती हळूच म्हणाली, "मावशी, मी सतरावं लागल्याली हाय. माजी पयलीच खेप हाय. तसं ल्ह्या."

दगडाबाई राहीबाईशेजारी येऊन बसली. आवाज चढवला नाही. सतरा लिहिलंस की दवाखाना पोलिसाला कळवनार, गहिनीनाथ आत जानार, मग ह्या दोन पोरींना तू सांभाळ, एवढंच म्हणाली. आणि वर, भावकीत राहायचंय ना तुला?

राहीबाई वाईट बाई नव्हती. वीस वर्षं तिनं उन्हातान्हात लोकांची पोरं तोलली होती. तिनं मनात म्हटलं, एवढ्यानं काय होतंय, आपलं लक्ष राहील. आणि लिहिलं: जानकी गहिनीनाथ बावडकर. वय चोवीस. खेप तिसरी. आधीची दोन्ही बाळंतपणं व्यवस्थित. पोरगी तिच्या पेनाकडं बघत होती. मग ती उठून उरलेली ज्वारी पाखडायला गेली.

आठव्या महिन्यात तिच्या पायांवर सूज आली. कोवळी पोर, पहिली खेप, अंगात रक्त नाही, अशी खरी नोंद असती तर तिला केव्हाच नगरच्या मोठ्या दवाखान्यात धाडलं असतं. पण चिठ्ठीवर तर दोन लेकरं सुखरूप झालेली तगडी बाई होती.

कळा सुरू झाल्या त्या सकाळी सहाला. आठला आरोग्य केंद्रात नेलं. नर्सनं कार्ड वाचलं, म्हणाली तिसरं आहे, दुपारपर्यंत मोकळी होईल. बारा वाजले. पोरगी खाटेची कांब धरून ओरडत होती, मी जानकी न्हाई, मी जानकी न्हाई. दगडाबाईनं सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं, वारं शिरलंय, सवत बोलतीय. आणि गळ्यातला टाक तिच्या कपाळाला लावला.

नर्सला शंका आली. अंग चाचपून तिनं राहीबाईला बाजूला घेतलं आणि सरळ विचारलं, "राहीबाई, ही तिसरी खेप वाटत नाही मला. आधीची दोन खरंच हिचीच?"

दारात गहिनीनाथ उभा होता. राहीबाई म्हणाली, "व्हय बाई, हिचीच. मीच नोंद केलीय."

तीन वाजता पोरीला झटका आला तेव्हा नगरला न्यायला अँब्युलन्स बोलावली. राहीबाई तिच्याशेजारी बसली. मिरजगाव मागं पडलं तेव्हा पोरगी शुद्धीवर आली आणि म्हणाली, "मावशी, माजं नाव घ्या की एकदा." ड्रायव्हरशेजारी गहिनीनाथ होता. राहीबाईनं तिचा हात दाबला, केस सारखे केले, नाव मात्र घेतलं नाही. रुईछत्तीशीच्या पुढं हात गार पडला. बाळ पोटातच गेलं.

कागदावर मेली ती जानकी, वय चोवीस. म्हणजे निकिताचं मरण अखेर नोंदलं गेलं, आणि संस्कृती मेलीच नाही. ती जगलीच कुठं होती? राहीबाई पुंजारामाकडं गेली, म्हणाली, तुमी बाप, तुमी तक्रार द्या. त्यानं हात जोडले. लगीन मीच लावलं, मलाबी धरतील, अजून दोघी उजवायच्यात, म्हणाला. बाराव्याला जेवायलाही तो आला होता.

त्या बाराव्याला पंगत उठल्यावर दगडाबाईनं राहीबाईला ओट्यावर बसवून घेतलं. तू गावोगाव फिरतीस, एखादी गरिबाची पोर नजरेत असंल तर बघ, असं म्हणाली. मग सुपारी कातरता कातरता तिनं पुढचं सांगितलं.

"ह्या टायमाला नाव दुसरं ठिवू. ह्या नावाला बरकत न्हाई."

राहीबाई उठली. हात धुतले नव्हते, तशीच निघाली. दुसऱ्या दिवशी ती शाळेत गेली, हेडमास्तरांपुढं रडली आणि पोरीच्या जन्मतारखेचा दाखला मागितला. दोन दिवस खेटे घातल्यावर तो मिळाला. भावकीनं निरोप धाडला, घराबाहेर काढू. तिच्या नवऱ्यानं जेवण टाकलं. आपली नोकरी जाणार, कदाचित आपल्यालाही आत टाकतील, हे तिला कळत होतं. कळू दे, म्हणाली. त्या पोरीनं दोनदा तोंडानं मागितलं होतं, आणि दोन्हीदा मी दिलं नाही.

पोलीस ठाण्यात तिनं दाखला आणि रजिस्टरची झेरॉक्स टेबलावर ठेवली. हवालदारानं कागद पुढं ओढला. विचारलं, तुम्ही मयताच्या कोण?

"कोन न्हाई. तिचं खोटं नाव मी ल्हिलं."

हवालदारानं तिच्याकडं बघितलं. मग मयताचं खरं नाव विचारलं. राहीबाईनं सांगितलं. त्याला ते नीट कळलं नाही, त्यानं पुन्हा विचारलं. तिनं पुन्हा सांगितलं, सावकाश, एकेक अक्षर सोडवून. त्यानं ते मोठ्यानं उच्चारलं आणि लिहिलं: संस्कृती पुंजाराम मोढवे. वय सतरा.

वाचणाऱ्यांनो, तुमच्या घरातल्या सुनेला तिची आई कोणत्या नावानं हाक मारायची, ते एकदा तिला विचारा. आज संध्याकाळीच विचारा.