गाऱ्हाण्याचा मान

"सर, 'स्वखुशीने'वर जरा जोर द्या," काचेपलीकडून माहितीपटाचा दिग्दर्शक गंधार म्हणाला.

हरिश्चंद्रभाऊंनी हातातला कागद खाली ठेवला. "हा शब्द काढू या. गाव माझंच आहे. तिथे कुणीही खुशीने जमीन दिलेली नाही. संपादक असताना मी त्यावर अग्रलेख लिहिलेत."

"म्हणून तर तुमचा आवाज घेतला. लोकांचा विश्वास आहे ना!"

भाऊंना राग यायला हवा होता. उलट बरं वाटलं, हेच वाईट. त्यांचं साप्ताहिक बंद पडलं तेव्हा कुत्रंही विचारायला आलं नव्हतं. टीव्हीवर निवेदन करू लागल्यापासून मात्र तळेरे बाजारातल्या हॉटेलात नुसता चहा मागितला तरी माना वळत. ही चटक दारूहून वाईट. त्यांनी घसा खाकरला आणि वाचलं, "ग्रामस्थांनी स्वखुशीने आपल्या जमिनी या पर्यटन प्रकल्पाला दिल्या." चांगला जोर देऊन.

प्रकल्पाचा नारळ फुटायचा त्या दिवशी माहितीपट गावच्या देवळासमोर दाखवला. भाऊंचा आवाज सभामंडपात घुमला. तो संपताच यशोदाकाकी पुढे आली. तिची काजूची बाग आता प्रकल्पाच्या कुंपणाआड गेली होती.

"भाऊनू, तुमी आमच्यासाठी लिवलास, तेवा कोणी वाचूक नाय. आता खोटा बोललास, तां सगळ्यांनी ऐकल्यानी."

"काकी, तां माझा लिवलेला नव्हता."

"आवाज कोणाचो होतो?"

इतक्यात पुजाऱ्याने नारळ त्यांच्या हातात दिला. गाऱ्हाणं घालायचा मान त्यांच्या घराण्याचा. मानकऱ्याने देवाला साकडं घालायचं आणि दर वाक्याला गावाने 'व्हय म्हाराजा' म्हणायचं, ही रीत. तो मान कुणी काढून घेतला नव्हता. गंधारने कॅमेरा सुरू केला.

"बा देवा म्हाराजा, आज ही तुझी लेकरां तुझ्या पायाकडे इली आसत, म्हाराजा..."

गाव हात जोडून उभं होतं. कुणी तोंड उघडलं नाही.

"काय चुकला-माकला आसात, तां पोटात घाल, म्हाराजा..."

"होय महाराजा!" कॅमेऱ्यामागून एकटा गंधार ओरडला, शुद्ध मराठीत. मग अंगठा वर करून म्हणाला, "आवाज मस्त आलाय, सर."

भाऊ नारळ धरून तसेच उभे राहिले.