हार घातलेला फोटो

सणसरला ऊन एकदम येत नसे. आधी ते उसाच्या तुऱ्यांवर उतरे, तिथे बराच वेळ रेंगाळे. मग पाटाच्या पाण्यावरून, बागेतल्या पेरूंना बांधलेल्या पिशव्यांवरून, अंगणातल्या ओल्या सड्यावरून सरकत ओसरीशी येई आणि उंबऱ्यापाशी थबके, आत यावे की नाही या संकोचात. समाधान ते रोज पाहत बसे. दुसरे काम त्याने धरले नव्हते.

बारामतीच्या एका कापडदुकानाच्या जाहिरातीतून तो मॉडेल झाला, तिथून मुंबईला मालिकेत गेला आणि अकराव्या भागात त्याच्या पात्राला ट्रकने उडवले. कथेची गरज होती, जुळा भाऊ म्हणून परत बोलावणार आहेत, असे त्याने गावभर सांगितले. त्याला चार महिने झाले. मालिकेतल्या दिवाणखान्यात मात्र त्याचा हार घातलेला फोटो रोज दिसे, आणि भाग संपला की त्याची आई छबूबाई मीठ-मोहऱ्या घेऊन त्याची दृष्ट काढी.

आजही सकाळी आठला कालचा भाग पुन्हा लागला. छबूबाईने टीव्हीकडे पाठ फिरवली.

"जित्या लेकराला हार घालत्यात! लाव फोन त्या बाईला. आत्ता लाव."

कुंपणापलीकडून शेजारचे दत्तोबा तात्या ओरडले, "काय हिरो, तेराव्याचं जेवान कवा घालतुयास?"

"तुमचं आधी हू द्या, तात्या!" छबूबाई कडाडली.

समाधानने बागेत जाऊन मालिकेच्या सहायक दिग्दर्शिकेला, मेघनाला, फोन लावला.

"मॅडम, त्या फोटोमुळं आईच्या जिवाला घोर लागलाय. आणि... जुळ्या भावाचं कुठवर आलं?"

"कोणता जुळा भाऊ?" मेघनाने विचारले. "समाधान, फोटोत तू सुरेख दिसतोस. पण तुझ्या एका वाक्याला सत्तावीस टेक झाले होते रे. आईंना सांग, फोटो आजच उतरवते. तिथे घड्याळ लावू."

"नको," तो घाईने म्हणाला. "असू द्या."

तो परतला तेव्हा आई दारातच उभी होती.

"काय म्हनली?"

"काढत्यात म्हनली. आजच."

छबूबाईने डोळ्यांना पदर लावला. "मग उद्या बघते मी. समोर बसून बघते."

उद्या आठ वाजता फोटो भिंतीवरच असणार होता. समाधान ओसरीवर बसला. जुळा भाऊ कधीच नव्हता. समाधानला अभिनय येत नव्हता, म्हणून त्याला मालिकेतून काढले होते.