वस्तीकडचं गेट

बाग कोणाची, हे बोर्डावरच्या नावावरून नाही, गेट कुठं आहे त्यावरून ठरतं, असं रत्नपाल म्हणायचा. आर्किटेक्ट म्हणून त्याची सारी नोकरी बागा आखण्यातच गेली होती. नागपूर ते गोंदिया कितीतरी बगिचे, व्हॉलीबॉलची मैदानं आणि धावायचे ट्रॅक त्याच्या हातून झाले. पुढाऱ्यांना कारंजं हवं असायचं, ते उद्घाटनापुरतं उडायचं. लोकांना सावली हवी असायची, ती कोणी मागतच नसे.

मग गोंदिया जिल्ह्यातल्या गोरेगावजवळच्या त्याच्या स्वतःच्या गावातलं मैदान त्याच्याकडे आलं. गाव आणि बौद्धवस्ती यांच्यामधली ही काटेरी झुडपांनी भरलेली सरकारी पडीक जागा. एका अंगाला गोरेगावचा रस्ता, दुसऱ्या अंगाला वस्ती. गेट रस्त्याकडे येणार हे सगळ्यांनी धरूनच ठेवलं होतं. रत्नपालने ते वस्तीकडे ठेवलं, तेही एकच.

सभेत त्याने कारण सांगितलं की रस्त्यावर मोटारसायकली सुसाट जातात, मुलं धावत बाहेर येतील आणि चाकाखाली सापडतील. कारण खोटं नव्हतं, पण खरं कारण वेगळंच होतं. तो याच वस्तीत लहानाचा मोठा झाला, तेव्हा निवडणूक सोडली तर गावातलं कोणी वस्तीत पाय ठेवत नसे. आता ज्याला धावायचं असेल त्याला विहाराच्या गल्लीतून यावं लागणार होतं. सापही मेला, काठीही मोडली नाही, म्हणून तो स्वतःवर बेहद्द खूश होता.

उद्घाटन होऊन दोन महिने होतात न होतात तोच ठेकेदाराचा फोन आला. रस्त्याकडची भिंत कोणीतरी फोडली होती, चांगलं माणूस जाईल एवढं भगदाड. रत्नपालची तळपायाची आग मस्तकात गेली. वळणाचं पाणी वळणावर गेलं म्हणायचं! त्याने गाडी काढली आणि थेट माजी सरपंच देवचंदचं अंगण गाठलं. गावचा तलाव याच पोवार घराण्याने बांधलेला, गावात त्यांचा शब्द चाले.

"वस्तीतून यायला लाज वाटत होती का तुमच्या लोकांना?" रत्नपालने उभ्याउभ्याच विचारलं.

"आमी कायले फोडू भिंत?" म्हातारा म्हणाला. "पहिले लोकं कुरकुरले, खोटं कायले बोलू. पन माही नातीन पोलीस भरतीची तयारी करून राहिली. रोज त्याच गेटनं जाते. तिच्यामागं बाकीच्याबी पोरी जातात. तुमी वस्तीत इचारा, साहेब."

रत्नपालचा विश्वास बसला नाही. तो तडक भगदाडापाशी गेला. विटांवर घाव आतल्या बाजूने पडलेले होते. तो वाकून बघत होता, तेवढ्यात आतून एक पिशवी बाहेर आली आणि पिशवीमागून त्याची माय, अंजना. तिच्यामागे शेजारची रुख्मा.

"माय, तू? इथून?"

"मंग कुठून? बाजाराचा दिवस हाय. पहिले पूरा गाव फिरून एसटीले जावं लागे. आता मैदानातून सरळ."

"पण फोडली कोणी ही?"

"आमीनंच फोडली. रुख्माच्या घरची लोखंडी सब्बल होती."

रुख्मा पदरात हसली. रत्नपालला मात्र रडूच यायचं बाकी होतं. "अगं, सारं गाव आपल्या दारावरून जावं म्हणून मी ते गेट तिकडं ठेवलं. तुमच्यासाठी!"

"गाव येते ना. चांगलं झालं, मी काऊन नाही म्हनू? पन आमाले रस्त्यावर निघायले वाट पायजे होती. तू सभा घेतली ते गावासंगं घेतली. सरपंचाले इचारलं, ठेकेदाराले इचारलं. आमाले कोनं इचारलं, बाबू?"

सभेला वस्तीतलं एकही माणूस नव्हतं, आणि ते त्याच्या लक्षातही आलं नव्हतं. आपण वस्तीतलेच आहोत, आपल्याला सगळं ठाऊकच आहे, असं तो धरून चालला होता. त्याला मनापासून लाज वाटली.

एसटी आली. दोघी लगबगीने चढल्या. तेवढ्यात खिशातला फोन वाजला. ठेकेदार होता.

"साहेब, भिंतीची तक्रार लिहून राहिलो. कोणाची चूक म्हणून नाव टाकू?"

"माझं टाक," रत्नपाल म्हणाला.