रोमन बैलाचं रक्त

आमच्या मुलुंडच्या गल्लीत, एका बंद गाळ्याच्या तळघरात, चक्क रोम अवतरलं होतं. प्लास्टर ऑफ पॅरिसची गुहा, आत मित्रदेव नावाच्या टोपीवाल्या रोमन देवाची मूर्ती आणि त्याने पुतळ्यातल्या बैलाच्या मानेत खुपसलेला सुरा. पोळ्याला बैलाला पुरणपोळी भरवणारे आम्ही. पण रोमन म्हटल्यावर सगळं चालतं. बाहेर चपलांचा ढीग. मीही नमस्कार केला, कशाला खोटं बोलू?

"दोन हजार वर्षांपूर्वी रोमन सैनिक असेच गुहेत जमत," तिथले मित्रानंद महाराज सांगत. "अंधश्रद्धा नाही हं, इतिहास आहे! बैल तुमचा आजार स्वतःवर घेतो. रक्त आलं, की गोळ्या-इंजेक्शनं बंद!" मग आजाऱ्याला वेदीपुढच्या खुर्चीत बसवून, वेदीवर सात वातींचा दिवा लावून मंत्र म्हणत. पाचेक मिनिटांत बैलाच्या मानेतून लाल धार!

माझ्या शेजारच्या शांताबाईंनी तिथेच इन्सुलिन सोडलं. पायाची जखम चिघळली, तरी ऐकेनात. त्यांची लेक संघमित्रा शाळेत विज्ञान शिकवते. ती कळवळून म्हणाली, "आई, आयुष्यभर अंगारे-धुपारे घरात येऊ दिले नाहीस. आणि आता हे?"

"अगं, हे बाहेरच्या देशातलं आहे ना!"

घ्या! देशी भोंदू नको, इंपोर्टेड चालतो.

रविवारी संघमित्रा आम्हा दोघींना घेऊन गुहेत शिरली. वेदीपुढे रिकामी खुर्ची ठेवली, सातही वाती पेटवल्या आणि हाताची घडी घालून उभी राहिली.

"खुर्चीसाठी देव जागा होत नसतो!" महाराज ओरडले.

पाच मिनिटांत बैल भळाभळा वाहू लागला.

"काय हो महाराज, खुर्चीला डायबेटिस आहे का?" संघमित्राने विचारलं.

गुहेत हशा पिकला. मी धारेखाली बोट धरून चाटलं. "अगो बाये, ह्यां तर कोकमाचां आगळ!" आम्ही सावंतवाडीची माणसं, आम्हाला कोकमाचा खारवलेला रस कळणार नाही?

संघमित्राने वेदीवर टिचकी मारली. आतून पोकळ पत्रा वाजला. मागची फळी ओढली, तर बंद बरणी आणि नळी. "दिव्याने आतली हवा तापते, फुगते, बरणीतलं आगळ दाबते. ते नळीतून बैलाच्या मानेत चढतं. झालं!" महाराज तोवर मागच्या दाराने पसार.

शांताबाई हसल्या नाहीत. पायरीवर बसून रडल्या. "महिनाभर कोकमाच्या भरवशावर होते गं मी." संघमित्राने पर्समधून साखर तपासायचं यंत्र काढलं, आईच्या बोटाला सुई टोचली. हे रक्त मात्र खरं होतं. साखर चारशे बारा. तसंच रिक्षात घालून त्यांना दवाखान्यात नेलं.

आणखी आठ दिवस उशीर झाला असता तर पाय गेला असता, असं डॉक्टर म्हणाले. म्हणून सांगते, देव इथला असो नाहीतर रोमचा, जो औषध बंद करायला सांगेल, त्याच्यापुढे आधी एक रिकामी खुर्ची ठेवून बघा.